तेझूरांना वेळ कळते ती कशी : एका प्रतिक्रियेला उत्तर

'तेझूर' या काल्पनिक वाळवंटी टोळीवरच्या माझ्या मालिकेच्या तिसऱ्या भागावर काल एक सविस्तर प्रतिक्रिया आली. उत्तर लांबत गेलं, म्हणून ते इथे स्वतंत्र देतो आहे. ज्यांनी ती वाचली नसेल त्यांच्यासाठी तिचा गोषवारा असा: भाग फार लांब आहे, तेझूरांची मोजणी कधी चुकतच नाही, त्यामुळे ती जिवंत माणसं वाटत नाहीत, बायकांच्या वाट्याला दिवस मोजण्यापलीकडे काही आलेलं नाही. आणि शेवटचं वाक्य जसंच्या तसं: "घड्याळ नसलेल्या माणसांना वेळेचं भान असतं हे एसीत बसून सुचलेलं गोड थोतांड आहे."

महोदय, सविस्तर लिहिल्याबद्दल आभार. भाग लांबला हे मान्य. पाणवठ्याचा प्रसंग दोन भागांत देता आला असता.

आता ते शेवटचं वाक्य. टीकेचं मला वावडं नाही. या ब्लॉगवर माझं लिखाण चिरफाडून काढणाऱ्या प्रतिक्रिया आजही जागच्या जागी आहेत. पण थोतांड करतो तो भोंदू, लोकांना फसवणारा. मी कुणाला फसवलं? मालिकेच्या पहिल्याच ओळीत टोळी काल्पनिक आहे असं लिहिलं आहे. 'मला पटलं नाही' एवढं म्हटलं असतंत तरी मुद्दा पोचला असता. समोर बसून बोलत असतो तर हा शब्द तुम्ही वापरला नसता अशी माझी समजूत आहे.

आणि एसी. ओमानमध्ये निझ्वाच्या परिसरात मी काही वर्षं सर्व्हेचं काम केलं आहे, उघड्यावर, जिथे तिवईच्या पायाला हात लावला तरी चटका बसायचा. त्या भागात डोंगरातलं पाणी 'फलज' नावाच्या पाटांनी खजुरीच्या बागांपर्यंत आणतात. असे पाच फलज २००६ साली युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेले, निझ्वाचा फलज दारिस त्यांतलाच. इथे बागायतदाराच्या मालकीचा असतो तो पाण्याचा वेळ. साधारण अर्ध्या तासाचा एक 'अथर', आणि कुणाचे किती अथर हे पिढ्यान् पिढ्या ठरलेलं.

एका गावात मी ही पाळी बदलताना पाहिली. मोकळ्या जागेत एक उंच काठी रोवलेली, तिच्या बाजूला जमिनीवर दगडांच्या खुणा. सावली खुणेला टेकली तसा एक म्हातारा उठला, पाटातला दगड आणि चिंध्यांचा बोळा काढून त्याने पाणी शेजारच्या बागेकडे वळवलं. आपल्याकडे दारं धरतात तसंच. ज्याची पाळी संपली तो तिथेच उभा होता. त्याच्या मनगटावर घड्याळ होतं. त्याने त्याकडे पाहिलंसुद्धा नाही. रात्री हाच हिशेब ताऱ्यांवर चालायचा, ठरलेला तारा ठरलेल्या डोंगरामागून वर आला की पाळी बदलायची. हे मी चित्रफितीत पाहिलेलं नाही, तिथे उभं राहून पाहिलेलं आहे.

हे तर शेतकरी, भटके कुठे, असं तुम्ही म्हणाल. मग भटक्यांचंच घ्या. बेदुईनांची, म्हणजे अरबस्तानातल्या उंट पाळणाऱ्या भटक्यांची, सगळी जिंदगी उंटांच्या पाण्यावर. एक दिवस पाणी, एक दिवस खाडा, ही एक पाळी. पाणी पाजल्यावर तीन दिवस चरायला सोडून पुढच्या दिवशी पुन्हा पाणवठा, ही दुसरी. पाजल्याचा दिवस धरून तो पाचवा, म्हणून तिला 'खिम्स', म्हणजे पाचवी, म्हणतात. ही पाळी थेट दहाव्या दिवसापर्यंत लांबवता येते आणि प्रत्येक पाळीला अरबीत स्वतंत्र नाव आहे. त्यावरून कळप विहिरीपासून किती लांब नेता येईल ते ठरतं. मोजणीत घोळ झाला तर जनावर जातं, आणि जनावरामागून माणूस. वेळेचं भान घड्याळ विकत घेतल्यावर येतं, असं या लोकांना कोणत्या तोंडाने सांगणार?

वर्षाचंही तेच. 'सुहैल', म्हणजे आपला अगस्त्य, मध्य अरबस्तानात ऑगस्टच्या अखेरीस पहाटे दक्षिणेला क्षितिजालगत दिसू लागतो. तो दिसला की उन्हाळ्याचा कणा मोडला असं धरतात. आखातात त्याच्यापासून दहा-दहा दिवसांचे 'दुरूर' मोजत वर्ष पुरं करायची रीत आहे. त्याहून जुनी पद्धत चंद्राच्या अठ्ठावीस मुक्कामांची, एकेक सुमारे तेरा दिवसांचा. आपला शेतकरी मृग, आर्द्रा, पुष्य म्हणतो तेव्हा वेगळं काय करतो? तुमच्या आजोबांनी मृग बघून पेरणी केली असेल, तर तेही थोतांडच होतं का?

उंटाच्या पिलाला दुसऱ्या वर्षी एक नाव, तिसऱ्या वर्षी दुसरं, चौथ्या वर्षी तिसरं. कळपावर नजर टाकली की मागची पाच वर्षं समोर उभी राहतात. गेलेल्या सालांना आकडे नाहीत, घटना आहेत. १९१८-१९ च्या इन्फ्लुएन्झाच्या साथीत नज्दमध्ये, म्हणजे मध्य अरबस्तानात, माणसं पटापट गेली; ते साल तिथे 'रहमतीचं', म्हणजे दयेचं, 'साल' म्हणून ओळखलं जातं, कारण मेलेल्यांसाठी सगळ्यांच्या तोंडी तीच दुआ होती.

तेझूर यातून आले आहेत. त्यांची मोजणारी आजी दर पाणवठ्याला दोरीला गाठ मारते आणि मूल जन्मलं की त्याचं वय त्याच सुमारास व्यालेल्या सांडणीच्या पिलावर सांगते, ते मी हवेतून काढलेलं नाही. दोरी माझी कल्पना आहे. तिच्यामागची तहान खरी आहे.

मोजणी कधी चुकत नाही म्हणता, तर मालिका अजून संपलेली नाही. बायकांबद्दल म्हणाल, तर टोळीचा सगळा काळ जिच्या दोरीत आहे तिला काम नाही असं ज्याला वाटतं त्याने तो भाग पुन्हा वाचावा. यावर आणखी बोलण्यासारखं मला काही दिसत नाही.

तुमचा राग माझ्यावर आहे की भटक्या लोकांवर, हे मला शेवटपर्यंत उमगलं नाही. माझ्यावर असेल तर हरकत नाही. लिखाण कच्चं म्हणा, लांबट म्हणा, मी ऐकून घेईन. पण ज्यांना विहिरीपर्यंतचे दिवस तोंडपाठ होते त्यांना वेळेचं भान नव्हतं, हे या ब्लॉगवर मी उत्तर दिल्याशिवाय राहू देणार नाही. पुन्हा लिहायचं असेल तर जरूर लिहा, फक्त आधी खिम्सचा आणि सुहैलचा मुद्दा खोडून काढा.