क्लिंटन यांना काढलं, तो किस्सा राहिलाच

न्यूयॉर्क राज्याचे एकेकाळचे गव्हर्नर डीविट क्लिंटन यांच्यावरचा लेख आवडला, पण त्यांनी उभारलेल्या, एरी सरोवर हडसन नदीला जोडणाऱ्या एरी कालव्याच्या कौतुकात त्यांचं राजकारण पार बाजूला पडलंय. खरी गंमत १८२४ ची. कालवा पूर्णत्वाला आलेला, आणि न्यूयॉर्कच्या विधिमंडळातल्या विरोधकांनी त्यांना कालव्याचं काम पाहणाऱ्या आयोगावरूनच हाकललं. तेही बिनपगारी कामावरून! लोक असे खवळले की त्याच वर्षी क्लिंटन पुन्हा गव्हर्नर म्हणून निवडून आले. विरोधकांनी आपल्याच पायावर धोंडा पाडून घेतला.

ज्याला ‘क्लिंटनचा चर’ म्हणून हिणवलं, तो ३६३ मैलांचा कालवा १८२५ मध्ये खुला झाला. एरी सरोवराकाठच्या बफेलोहून न्यूयॉर्कला मालाच्या टनामागे १०० डॉलरच्या आसपास लागणारं भाडं दहाएक डॉलरवर आलं. उद्घाटनाला एरी सरोवराचं पाणी पिंपात भरून आणलं आणि क्लिंटन यांनी स्वतः ते न्यूयॉर्कच्या बंदरात ओतलं. नेतेमंडळींची हौस तेव्हाही तीच म्हणायची.

लेखात त्यांना संतपदी बसवलंय, ते मात्र पटलं नाही. पदांवर आपली माणसं बसवण्यात तेही पक्के होते. कालव्यासाठी राबलेले आयरिश मजूर आणि ज्यांच्या जमिनीतून तो गेला ते मूळचे इरोक्वॉय लोक, यांचा एका ओळीत तरी उल्लेख हवा होता.

१८२८ मध्ये पदावर असतानाच ते वारले, डोक्यावर कर्ज ठेवून. दफनासाठीही घरात पैसे नव्हते, दुसऱ्याच्या कबरीत जागा मिळाली. ब्रुकलिनच्या ग्रीन-वूड दफनभूमीत त्यांना हलवलं ते थेट १८४४ मध्ये.