हुकूमनामा हाती आल्यावरच समेट कसा आठवतो?

गोव्यातील डिचोली तालुक्यातील आमच्या घराच्या मागील हद्दीचा दावा आम्ही जिंकला, शेजाऱ्यांचे अपीलही फेटाळले गेले, आणि भावकीच्या ग्रुपवर एकच सूर लागला : निकाल मिळाला, मान राहिला, आता दोन हात जमिनीसाठी बेलीफ आणि पोलीस कशाला आणायचे, चवथीला एकमेकांची तोंडे पाहायची आहेत. एका काकांनी खास माझ्यासाठी पुस्ती जोडली, की लिस्बनला बसून गडगे (दगडी कुंपणे) मोडायला सांगणे सोपे असते.

समेटाला माझा विरोध नाही. मोजणी झाली तेव्हा आणि कोर्ट कमिशनरचा अहवाल आला तेव्हा समेटाची संधी होतीच. त्या वेळी हे शहाणपण कोणाला सुचले नाही. आता मात्र ज्यांनी गडगा पुढे सरकवला त्यांना कोणी जाब विचारत नाही आणि मन मोठे करण्याची जबाबदारी तेवढी जिंकणाऱ्यावर येते.

दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची (कोर्टाच्या निकालाची) अंमलबजावणी मागणारा अर्ज, दाखल केल्यानंतरचा प्रकार चुलतभावाने पाठवलेल्या व्हिडिओत मी पाहिला. सर्व्हेअरने चिऱ्यांवर तांबड्या रंगाने खुणा केल्या, कामगारांनी पहारी उचलल्या, तेवढ्यात शेजाऱ्यांचा मुलगा कागद घेऊन पुढे आला. दावा चालू असतानाच वडिलांनी ती पट्टी आपल्या नावे केली, आपण पक्षकार नव्हतो, म्हणून हुकूमनामा आपल्याला लागू नाही, असे त्याचे म्हणणे. बेलीफाने अडथळा झाल्याचा शेरा लिहिला, पंचांच्या सह्या घेतल्या आणि तो परत गेला. गडगा होता तिथेच आहे.

ब्रिटिश काळातील सर्वोच्च अपील न्यायालय असलेल्या प्रिव्ही कौन्सिलने १८७२ मध्येच म्हटले होते, की भारतातील पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यानंतर सुरू होतात. दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये बजावले. २०२५ मध्ये त्याच न्यायालयापुढे आलेल्या आकडेवारीनुसार देशभरात ८ लाख ८२ हजारांहून अधिक दरखास्ती तुंबलेल्या होत्या. मोठे मन दाखवा म्हणणाऱ्यांनी हा आकडाही ग्रुपवर टाकावा.

इथे पोर्तुगालमध्ये, जी गोष्ट प्रतिवादीनेच करायची किंवा टाळायची असते, उदाहरणार्थ शेजाऱ्याची वाट न अडवणे, तिच्यासाठी न्यायालय दर दिवसाच्या उल्लंघनाला रक्कम ठरवू शकते. निम्मी दावेदाराला, निम्मी सरकारला. भिंत पाडण्यासारखे काम दुसऱ्याकडून करून घेऊन त्याचा खर्च वसूल करता येतो. अशा ठिकाणी समेटाची घाई हरणाऱ्याला असते. इथल्या न्यायालयांच्या संथपणावर पोर्तुगीज लोकही बोटे मोडतात, पण तो माझा आजचा विषय नाही. गंमत अशी, की १८६७ ची पोर्तुगीज नागरी संहिता गोव्यात वारसा आणि विवाहाच्या बाबतीत आत्ताआत्तापर्यंत चालली, आणि पोर्तुगालने ती १९६७ मध्येच बाजूला ठेवली. त्यांनी टाकलेले आपण अभिमानाने सांभाळले; त्यांच्याकडून घेण्यासारखे काही निघाले, की आपल्याला गावपण आठवते.

काकांच्या टोमण्यात तथ्य नाही, असे मात्र मला म्हणता येत नाही. पोर्तुगीज पासपोर्ट घेतला त्याबरोबर माझे भारतीय नागरिकत्व गेले. परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना मिळणाऱ्या ओसीआय कार्डावर शेतजमीन विकत घेता येत नाही, वारशाने आली तेवढी राखता येते. म्हणजे एक-चौदाच्या (गोव्यातील सातबाराच्या) उताऱ्यावर आज माझे नाव आहे त्यापलीकडे गावातली शेतजमीन मला कधीच घेता येणार नाही. मी तिथे राहायला जाईन का, हे माझ्या पत्नीलाही मी नीट सांगू शकलेलो नाही. लिस्बनलगतच्या ओदिव्हेलासमध्ये तिसऱ्या मजल्यावर राहून मागील दाराच्या दोन हातांसाठी इतका जीव टाकण्यामागे निव्वळ न्यायबुद्धी आहे, असा दावा मी कोर्टात शपथेवर करणार नाही. पण हेतू शुद्ध नाही म्हणून हुकूमनामा खोटा ठरत नाही.

शिवाय मुलाची हरकत टिकणारी नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या २१ व्या आदेशात असे अडथळे दरखास्तीतच ऐकण्याची सोय आहे, आणि दावा चालू असताना ज्याने मालमत्ता घेतली त्याला नियम १०२ तिथे संरक्षण देत नाही. पुढच्या तारखेला वकिलांनी एवढाच मुद्दा लेखी मांडावा, असे मी चुलतभावाला कळवले आहे; पोलीस बंदोबस्ताची फी भरायची तयारीही ठेवली आहे. ग्रुपवर याची वाच्यता आम्ही केलेली नाही.