त्या फोटोतल्या बायका माझ्या लेकीच्या शेजारणी नव्हेत

गेल्या आठवड्यात रात्री साडेअकराला लेकीचा फोन आला. ती अमेरिकेत युटा राज्यात राहते, सॉल्ट लेक सिटीच्या दक्षिणेला लीहाय नावाच्या गावात. "आई, काकूंनी ग्रुपवर टाकलेलं वाचलंस का? आता मी शेजारच्यांशी वागू तरी कशी?"

वाचलं होतं. 'मॉर्मन पंथ : बायकांचा तुरुंग' असा मथळा आणि खाली फोटो. (मॉर्मन हा ख्रिस्ती परंपरेतून अमेरिकेतच निघालेला पंथ, युटात त्याची वस्ती मोठी.) लांब बाह्यांचे, पायघोळ, फिक्या रंगाचे झगे घातलेल्या, कपाळावरचे केस उंच फुगवून मागे वेणी घातलेल्या बायका. मग पाच दावे. प्रत्येक मॉर्मन पुरुषाला अनेक बायका असतात आणि 2020 मध्ये युटाने त्याला कायद्याने परवानगी दिली. चौदाव्या वर्षी मुलींची लग्नं लावतात. बायकांना शिकू देत नाहीत, मत देऊ देत नाहीत. धर्मात त्यांना काडीचं स्थान नाही. आणि नवरा नसेल तर स्वर्ग नाही. शेवटी, 'लेकीसुना अमेरिकेत असतील तर सावध करा.' आमच्या थोरल्या जाऊबाईंनी त्यात स्वतःची भर घातली : शेजारणीकडचं काही खाऊ नका, नातीला त्यांच्या घरी पाठवू नका.

ती शेजारीण मॉर्मन आहे, आणि मी तिला पाहिली आहे. दोन वर्षांपूर्वी लेकीचं बाळंतपण झालं, माझा व्हिसा लांबला आणि मी तीन आठवडे उशिरा पोचले. तोवर त्या घरात रोज संध्याकाळी कोणीतरी जेवण आणून देत होतं. कोणत्या दिवशी कोण काय देणार, याची यादी या शेजारणीने केली होती. आम्ही मांस खात नाही हे तिने आधी विचारून घेतलं होतं. लेक त्यांच्या पंथाची नाही, होणारही नाही, हे तिला पक्कं ठाऊक होतं. म्हणून जाऊबाईंची ती ओळ वाचून माझं डोकं फिरलं. त्यांच्याबद्दल आदर आहे, पण हे गप्प बसून सोडणार नाही.

आधी फोटो, कारण सगळी भीती त्याच्यातून येते. त्या बायका एफएलडीएस नावाच्या वेगळ्या गटातल्या आहेत. युटा आणि ॲरिझोनाच्या सीमेवरची हिल्डेल आणि कोलोराडो सिटी ही कित्येक वर्षं त्यांची गावं होती. मुख्य मॉर्मन चर्चने, म्हणजे शेजारीण ज्यात आहे त्याने, 1890 मध्ये बहुपत्नीत्व सोडल्याचं जाहीर केलं, 1904 मध्ये आणखी कडक घोषणा केली. ज्यांना ते मान्य झालं नाही, ते पुढे फुटून निघाले. हा गट त्यांच्यातला. त्यांचा पुढारी वॉरन जेफ्स अल्पवयीन मुलींवरच्या अत्याचारासाठी 2011 पासून टेक्सासमध्ये जन्मठेप भोगतो आहे. तिथल्या मुलींनी खरोखर भोगलं आहे. त्यांचा फोटो उचलून लाखो दुसऱ्याच बायकांच्या माथी चिकटवणं म्हणजे त्या मुलींचीही विटंबना आहे. मुख्य चर्चमधल्या माणसाने आज दुसरी बायको केली तर त्याला पंथातून काढून टाकतात.

2020 चं म्हणाल तर कायदा बदलला हे खरं, पण परवानगी मिळाली नाही. सज्ञान माणसांनी राजीखुशीने असं राहणं पूर्वी मोठा फौजदारी गुन्हा होता. तो आता किरकोळ गुन्हा केला, म्हणजे त्या घरांतल्या बायका अत्याचाराची तक्रार करायला घाबरू नयेत. जबरदस्ती झाली तर तो आजही मोठाच गुन्हा आहे. आणि युटाच्या राज्यघटनेत तर बहुपत्नीत्वाला कायमची बंदी लिहिलेली आहे.

चौदाव्या वर्षाबद्दल मात्र मला एक गोष्ट मान्य करावी लागते, आणि ती करताना बरं वाटत नाही. संस्थापक जोसेफ स्मिथ यांच्या बायकांमध्ये हेलन मार किंबॉल होती. लग्नाच्या वेळी तिला पंधरा पूर्ण व्हायला काही महिने बाकी होते. हे चर्चने स्वतः 2014 मध्ये आपल्या लेखात छापलं. ही गोष्ट 1840 च्या दशकातली आहे. आजच्या शेजारच्या घराला ती लावता येत नाही, पण ती झाली, हे नाकारणारी मी नव्हे.

आता तिसरा दावा. शिकू देत नाहीत, मत देऊ देत नाहीत. हे ज्याने लिहिलं त्याने युटाच्या इतिहासाचं एक पानही उघडलेलं नाही.

14 फेब्रुवारी 1870. सॉल्ट लेक सिटीत सेराफ यंग नावाच्या तरुण मॉर्मन शिक्षिकेने नगरपालिकेच्या निवडणुकीत मत दिलं. स्त्रीपुरुषांना समान मताधिकार देणाऱ्या कायद्याखाली अमेरिकेत मत देणारी ती पहिली बाई. साऱ्या अमेरिकेतल्या बायकांना तो हक्क मिळायला 1920 उजाडावं लागलं. आणि युटातल्या बायकांचं मत पुढे काढून घेतलं कोणी? चर्चने नव्हे. 1887 मध्ये वॉशिंग्टनच्या काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, बहुपत्नीत्व मोडायच्या कायद्यात, त्या बायकांचं मतच रद्द केलं. बायकांना सोडवायचं म्हणून त्यांचाच हक्क हिरावला. त्या गप्प बसल्या नाहीत. 'वुमन्स एक्स्पोनंट' हे त्यांचं स्वतःचं पत्र 1872 पासून चालू होतं. एमेलिन वेल्स त्याच्या संपादक होत्या. त्यांनी आणि इतरांनी लढून 1896 मध्ये, युटा राज्य झालं तेव्हा, घटनेतच मताधिकार लिहून घेतला.

त्याच वर्षी मार्था ह्यूज कॅनन निवडून आल्या, अमेरिकेतल्या कुठल्याही राज्याच्या सिनेटमधली, म्हणजे विधिमंडळाच्या वरच्या सभागृहातली, पहिली बाई. त्या डॉक्टर होत्या, मिशिगन विद्यापीठाच्या. त्या अँगस कॅनन यांच्या चौथ्या पत्नीही होत्या. हे अँगस कॅनन त्याच निवडणुकीत रिपब्लिकन पक्षाकडून उभे होते. मार्थाबाई डेमोक्रॅटिक पक्षाच्या. बाई जिंकल्या, नवरा पडला. पुढे राज्याचं आरोग्य मंडळ उभं करणारा कायदा त्यांनी आणला. 2024 पासून वॉशिंग्टनच्या कॅपिटॉलमध्ये, म्हणजे संसद भवनात, युटाच्या वतीने त्यांचा पुतळा उभा आहे.

आपल्या लोकांसाठी आणखी एक सांगते. आपल्या आनंदीबाई जोशी फिलाडेल्फियाच्या ज्या महिला वैद्यकीय महाविद्यालयातून 1886 मध्ये डॉक्टर झाल्या, त्याच महाविद्यालयातून 1877 मध्ये रोमानिया प्रॅट आणि 1878 मध्ये एलिस शिप पदवी घेऊन युटाला परतल्या होत्या. दोघी मॉर्मन. एलिसबाई घरी लहान मुलं ठेवून गेल्या होत्या आणि ती मुलं त्यांच्या सवतींनी सांभाळली. हे वाचताना मला काय वाटावं ते अजून ठरवता आलेलं नाही. पण परत आल्यावर त्यांनी शेकडो बायकांना सुईणपण आणि शुश्रूषा शिकवली. या बायकांना 'शिकू देत नव्हते' म्हणणं हा त्यांच्या कष्टांचा अपमान आहे.

चौथा दावा, धर्मात स्थान नाही. इथे अर्धसत्य आहे, आणि ते अर्धं चांगलंच जड आहे. पौरोहित्य फक्त पुरुषांना. मुलगा ज्या वर्षी बारा पूर्ण करणार, त्या वर्षी त्याला त्याची पहिली पायरी मिळते. त्याच्या आईला आयुष्यभर मिळत नाही. स्थानिक मंडळीचा प्रमुख, म्हणजे बिशप, पुरुषच असतो. केट केली यांनी बायकांना पौरोहित्य द्या अशी चळवळ केली, तर 2014 मध्ये त्यांना बहिष्कृत केलं. त्याआधी 1979 मध्ये सोनिया जॉन्सन यांच्यावरही तेच आलं, कारण त्या स्त्रीपुरुष समानतेच्या घटनादुरुस्तीच्या बाजूने उभ्या राहिल्या.

पण 'काडीचं स्थान नाही' हे खोटं. रिलीफ सोसायटी ही बायकांची संघटना 17 मार्च 1842 ला इलिनॉयमधल्या नॉव्हूत सुरू झाली. जोसेफ स्मिथ यांच्या पत्नी एमा तिच्या पहिल्या अध्यक्षा. पुढे युटातल्या या बायकांनी वर्षानुवर्षं गहू साठवला. 1918 मध्ये, महायुद्धात, अमेरिकी सरकारने त्यांच्याकडून दोन लाख बुशेलांहून (बुशेल हे तिकडचं धान्याचं माप) जास्त गहू विकत घेतला. संघटनेचं स्वतःचं मासिक होतं, स्वतःचा पैसा होता. 1970 च्या सुमारास मासिक बंद झालं आणि पैशाचा कारभार पुरुषांच्या हाती गेला. मला विचाराल तर तक्रार करायची ती इथे करा. मिळवलेलं हातचं गेलं, त्याबद्दल बोला. माझ्या लेकीच्या दारात जेवण आलं ते याच संघटनेतून. शेजारीण तिथली अध्यक्षा आहे, आणि तिला त्या जागेवर नेमलं बिशपने. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत.

स्वर्गाचं थोडक्यात. सर्वांत वरच्या स्वर्गासाठी मंदिरातलं, मरणापलीकडे टिकणारं लग्न लागतं अशी त्यांची श्रद्धा आहे, पण ते बंधन पुरुषालाही तितकंच आहे. खरा भेद वेगळाच. बायको वारली तर पुरुष दुसरीशीही तसं अनंतकाळचं लग्न करू शकतो. तशी विधवा मात्र जिवंतपणी दुसऱ्या कोणाशी ते करू शकत नाही. चर्चचे अध्यक्ष झालेल्या रसेल नेल्सन आणि डॅलिन ओक्स या दोघांचीही अशी दोन-दोन लग्नं आहेत. हे तिथल्या बायकांना सलतं, त्या उघड बोलतात. फॉरवर्ड लिहिणाऱ्याने त्यांचं ऐकलं असतं तर त्याला खोटं लिहायची गरजच पडली नसती.

हे सगळं काल ग्रुपवर टाकलं. जाऊबाईंनी अजून उत्तर दिलेलं नाही. त्यांना मी उद्या फोन करीन, थेट बोललं की त्या ऐकतात. लेकीला सांगितलंय, शनिवारी नातीला शेजारी खेळायला पाठव, आणि त्यांचं एक भांडं तुझ्याकडे अजून पडून आहे, ते रिकामं परत करू नकोस. ती म्हणाली, नारळाच्या वड्या करते.