स्कर्टिंग सगळ्यात शेवटी? आधी रंगाऱ्याला विचारा

घराचं काम काढलं की व्हॉट्सअ‍ॅपवर सल्ल्यांचा पाऊस पडतो. त्यातला एक मेसेज, स्कर्टिंगबद्दलचा, म्हणजे भिंतीच्या तळाशी लावतात त्या पट्टीबद्दलचा, परवा शेजारच्या काकूंनी मला दाखवला: ‘स्कर्टिंग सगळ्यात शेवटी लावा. रंगानंतर लावलं की डाग पडत नाहीत, फर्निचरनंतर लावलं की कपाटामागची पट्टी वाचते, आणि सिमेंट कशाला, सिलिकॉनने मस्त चिकटतं.’ त्यांचा मिस्त्रीही हो म्हणाला होता. तो बहुतेक कशालाही हो म्हणतो.

असा सल्ला अमेरिकेत एकवेळ चालेल. तिथे भिंत बहुतेक जिप्सम बोर्डाची असते, खाली लाकडाची किंवा एमडीएफची (लाकडाचा लगदा दाबून केलेल्या फळीची) पट्टी खिळ्यांनी ठोकतात. तिथे ती रंगाआधी ठोकायची की नंतर, यावर वाद घालायला जागा आहे. आपल्याकडे विटांची नाहीतर ब्लॉकची भिंत, वर प्लास्टर, आणि खाली फरशीतूनच कापलेली तीन-चार इंची पट्टी. ते गणितच वेगळं.

पहिला मुद्दा, डागांचा. व्हिट्रिफाइड फरशीवर पडलेला प्लास्टिक पेंटचा थेंब ओल्या फडक्याने जातो, वाळला असेल तर ब्लेडने. मॅट फरशी असेल तर जरा जास्त घासावं लागतं, म्हणून मास्किंग टेप लावायची. डागांची भीती इथे संपते. उलट बाजूची किंमत मात्र कोणी सांगत नाही. पट्टी कापायला ग्राइंडर लागतो, आणि त्याची धूळ घरभर बसते, ताज्या रंगावर आधी. मार्बल किंवा कोटा असेल तर पॉलिशचं मशीन फिरताना फूटभर उंचीपर्यंत चिखल उडतो. रंग आधी झाला असेल तर तो पुन्हा द्या.

यापेक्षा मोठी गोष्ट चिकटण्याची आहे. आमच्या पॅसेजमध्ये मी हेच करून बसलो होतो. रंगारी आधी मोकळा होता, फरशीवाला नंतर येणार होता, म्हटलं होऊन जाऊ दे. पावसाळा संपता संपता एक पट्टी पायाला लागून सुटली. उलटी करून बघितली तर मागे सिमेंट शाबूत, सिमेंटला चिकटलेला रंग शाबूत, आणि रंगामागे पुट्टीचा, म्हणजे रंगाआधी भिंतीला देतात त्या लेपाचा, पांढरा पापुद्रा. पट्टी भिंतीला धरलीच नव्हती, पुट्टीला धरली होती, आणि पुट्टीने भिंत सोडली होती. बाकीच्या पट्ट्यांवर बोटाच्या पेरांनी टकटक केलं, तर निम्म्या बद्द वाजल्या. पट्टी बसायला उघडं, खरबरीत, ओलं केलेलं प्लास्टर लागतं. रंगानंतर लावायचीच तर तेवढा पट्टा खरवडून काढावा लागतो, म्हणजे रंगाऱ्याला दिलेले पैसे खरवडायचे.

शिवाय आपल्या भिंती काही एका रेषेत नसतात. दोन फुटांची सरळ पट्टी पोट आलेल्या भिंतीला लावली की मध्ये टेकते, टोकांना फट राहते. स्कर्टिंग आधी असेल तर पुट्टी वरून खाली येते आणि ती फट गिळून टाकते. नंतर असेल तर तिथे व्हाइट सिमेंट भरायचं, आणि वर्षभरात त्या रेघेवर धूळ बसून ती काळी पडलेली बघायची.

कपाटामागची पट्टी वाचते, हे अर्धं खरं. दहा बाय बाराच्या खोलीचा घेर 44 फूट, दार वजा जाता 41. दोन बाय दोनच्या एका फरशीतून, पातं खातं ते धरून, चार इंचांना जराशा कमी अशा सहा पट्ट्या निघतात, म्हणजे बारा फूट. खोलीला चार फरशा पुरल्या. सात फुटी कपाटामागे वाचतं काय, तर फार तर एक फरशी! तरीही भिंतीत बसवलेल्या वॉर्डरोबच्या जागी पट्टी सोडावी असं मीही सांगतो, पण कारण वेगळं: पट्टीच्या जाडीमुळे कपाट भिंतीला भिडत नाही, आणि मग सुतार ती छिन्नीने उडवतो. त्यासाठी कपाटाची जागा जमिनीवर खडूने आखून ठेवली की झालं. फरशी आणि भिंतीमधली फट तेवढी सिमेंटने बुजवून घ्या, नाहीतर झुरळांची सोय होते.

सिलिकॉनबद्दल थोडक्यात: हलक्या पीव्हीसी पट्टीला, सपाट भिंतीवर, चालेल. फरशीच्या पट्टीला टाइल अ‍ॅडहेसिव्ह किंवा सिमेंट. रंगावर सिलिकॉन लावलं तर पुन्हा तीच पॅसेजची गोष्ट.

मेसेज जिथे बराचसा बरोबर ठरतो ती जागा म्हणजे लॅमिनेटचं, लाकडासारखं दिसणारं फ्लोरिंग. त्याला फुगायला भिंतीलगत आठ-दहा मिलिमीटर मोकळी जागा सोडतात, आणि ती झाकायलाच वरून पट्टी येते. ती भिंतीला ठोकायची, फ्लोरिंगला नाही, नाहीतर फ्लोरिंग हलायचं अडतं. तिथे रंगाचा पहिला हात, मग फ्लोरिंग, मग पट्टी, मग शेवटचा हात. पण रोज ओल्या फडक्याने लादी पुसणाऱ्या घरात एमडीएफची पट्टी घेऊ नका, खालून पाणी पिऊन फुगते. पूर्वी चुन्याच्या भिंतीला खाली कावेचा, म्हणजे लाल मातीच्या रंगाचा, पट्टा ओढायचे, तोही या ओल्या फडक्यासाठीच असावा असं मला वाटतं.

काकूंकडे आता फरशी झाली आहे, पुट्टी व्हायची आहे. मिस्त्रीला सोमवारी पट्ट्या लावायला सांगितलंय. तो हो म्हणाला.