सामना खिडकीबाहेर, चित्र कोल्हापुरात

इंग्लंडला निघालात? छान. भाजणी, गोडा मसाला, कुकरची जादा रिंग सगळं बॅगेत बसलंच असेल. एक गोष्ट तेवढी इथेच ठेवून जा: शनिवारी दुपारी जेवण झाल्यावर पाय वर घेऊन टीव्हीवर फुटबॉल बघायची इच्छा. तिला तिकडचा व्हिसा मिळत नाही.

तुम्ही म्हणाल, काय राव, ज्यांनी १८६३ साली या खेळाचे नियम लिहिले, त्यांच्याच घरी टीव्हीवर सामना नाही? आहे की! शनिवारी साडेबाराला असतो, साडेपाचला असतो, रविवारी दोनला आणि साडेचारला असतो, कधी शुक्रवारी, कधी सोमवारी रात्रीही असतो. नसतो तो फक्त शनिवारी पावणेतीन ते सव्वापाच. आणि तिथले सामने पिढ्यानपिढ्या सुरू होतात ते शनिवारी तीनला. पंगत बाराला बसायची आणि आचाऱ्याने पावणेबाराला कुलूप लावून सव्वादोनपर्यंत फिरायला जायचं, तसा हा हिशेब.

तर सगळ्यात आधी, चिडू नका. हे सगळं भल्यासाठी आहे. तुमच्या नाही, बर्नलीच्या. बर्नली हे लँकशायरमधलं गिरण्यांचं गाव. तिथल्या क्लबचे अध्यक्ष बॉब लॉर्ड यांचा मूळ धंदा खाटकाचा, मटणाची दुकानं होती. साठच्या दशकात त्यांनी इतर अध्यक्षांच्या गळी एक गोष्ट उतरवली: मोठ्या क्लबचा सामना लोकांना घरबसल्या दिसला, तर छोट्या क्लबच्या दारात तिकीट काढायला येणार कोण? दुकानदाराचाच विचार हा. शेजारून रश्श्याची वाटी रोज आयती येत असेल, तर पावशेर तरी मटण कोण नेणार? बीबीसीने १९६४ साली रात्रीचे हायलाइट्स सुरू केले, तेव्हा या गृहस्थांनी कॅमेऱ्यांना आपल्या टर्फ मूर मैदानाचं दारच काही वर्षं बंद केलं. रश्श्याचा वाससुद्धा नको.

थेट दाखवण्याचा एक प्रयोग त्याआधी होऊन गेला होता. १० सप्टेंबर १९६० ला आयटीव्ही या वाहिनीने ब्लॅकपूल विरुद्ध बोल्टन हा लीगचा, म्हणजे साखळी स्पर्धेचा सामना दाखवला. ज्याला बघायला लोक टीव्हीपुढे बसले, तो स्टॅन्ली मॅथ्यूज दुखापतीमुळे खेळलाच नाही. गोल एकच झाला, तोही पाहुण्यांचा. क्लबांनी अंग काढून घेतलं आणि ती योजना तिथेच बारगळली. लीगचा पुढचा सामना इंग्लंडच्या टीव्हीवर थेट दिसला २ ऑक्टोबर १९८३ ला. मधल्या तेवीस वर्षांत माणूस चंद्रावर जाऊन आला, आणि ते मात्र थेट दाखवलं. चंद्रावर तिकीटविक्री नव्हती ना.

लॉर्डसाहेबांची भीती त्या काळी खोटी होती असं मी म्हणणार नाही. तेव्हा क्लब जगायचे ते दारावरच्या गल्ल्यावर. आता जगतात टीव्हीच्या पैशावर. प्रीमियर लीग ही तिथली सगळ्यात वरची साखळी स्पर्धा; २०२५ पासून चालू झालेला तिचा देशांतर्गत टीव्ही-करार चार वर्षांचा आणि ६.७ अब्ज पौंडांचा आहे. हंगामात सामने ३८०, त्यातले ब्रिटनमध्ये थेट दिसणार किमान २६७. उरलेल्यांसाठी तुम्ही तिकीट काढून जायचं. तिकीट? मोठ्या क्लबचं तिकीट मिळवायला आधी सभासदत्व घ्या, मग सोडतीत नाव घाला, मग आपलं नाव आलं नाही हे ईमेलवर सभ्य भाषेत वाचा. स्टेडियम भरलेलं, दारात रांग, आणि नियम म्हणतोय की टीव्ही बंद ठेवा, नाहीतर खुर्च्या रिकाम्या राहतील.

मग हा पार्लमेंटचा कायदा असेल, असं तुम्हाला वाटेल. छे. युएफा, म्हणजे युरोपातल्या फुटबॉलची शिखर संघटना, तिच्या नियमावलीत ४८ वं कलम आहे. कुठल्याही देशाच्या संघटनेने शनिवार-रविवारचे अडीच तास निवडावेत आणि त्या वेळात टीव्हीवर थेट फुटबॉल बंद ठेवावा, अशी मुभा त्यात आहे. बहुतेक देशांनी हे कलम वाचून बाजूला ठेवलं. इंग्लंडने ते देव्हाऱ्यात ठेवलं. जर्मनीत शनिवारी दुपारी साडेतीनचे सामने पैसे भरून खुशाल बघता येतात आणि तरी तिथल्या सामन्यांना सरासरी प्रेक्षक युरोपात सगळ्यात जास्त येतात. पण हे जर्मन उदाहरण इंग्लंडमध्ये कुणाला देऊ नका. फुटबॉल म्हटलं की जर्मनीचा विषय तिथे जरा हळवा असतो.

आणि बंदी फक्त इंग्लिश सामन्यांवर आहे असं समजू नका, थेट फुटबॉल म्हणजे सगळंच. ऑगस्ट २०१८ मध्ये रोनाल्डो युव्हेंटस या इटालियन क्लबकडून पहिला लीग सामना खेळायला उतरला, इटलीतल्या व्हेरोनाला. ब्रिटनमध्ये तेव्हा पाच वाजले होते. हक्क विकत घेतलेल्या वाहिनीला पहिली पंधरा मिनिटं दाखवता आली नाहीत, कारण सव्वापाच व्हायचे होते. युव्हेंटसचा पहिला गोल तिसऱ्याच मिनिटाला झाला. रोनाल्डोला व्हेरोनात बघून लँकशायरमधला कुणी आजोबा तिथल्याच छोट्या अ‍ॅक्रिंग्टन क्लबच्या मैदानाकडे पाठ फिरवेल, ही काळजी. खरं तर पाच वाजता तो आजोबा सामना संपवून घरी निघालेला असतो. पण नियम तो नियम.

आता शनिवारी तीन वाजता टीव्ही लावलाच तर काय दिसेल, तेही सांगतो, म्हणजे घाबरायला होणार नाही. सुटाबुटातले तीन-चार माजी खेळाडू, कानात हेडफोन. समोर छोटे पडदे आणि त्यांवर तोच सामना, जो तुम्हाला दिसत नाही. ते तो बघतात आणि तुम्ही त्यांना बघता. मध्येच एकजण खुर्चीतून उठतो, "ओsss" करतो, कपाळावर हात मारतो आणि मग निवेदक विचारतो, काय झालं? धृतराष्ट्राची सोय बरी होती म्हणायची, त्याच्या संजयाला दिव्यदृष्टी तरी होती. इथे एप्रिल २०१० मध्ये अशाच कार्यक्रमाचे वार्ताहर ख्रिस कमारा पोर्ट्समथच्या मैदानावर प्रत्यक्ष उभे होते. स्टुडिओतून विचारणा झाली की लाल कार्ड कुणाला मिळालं? यांना पत्ताच नाही. गडी बाहेर जाताना त्यांनी पाहिला होता, पण बदली खेळाडू येतोय असं वाटलं म्हणाले. ती चित्रफीत लोक आजही एकमेकांना पाठवतात. त्या दिवसाचा सामना कुणाला आठवत नाही, कारण तो कुणी पाहिलाच नव्हता.

रेडिओवर समालोचन चालतं बरं का. कानाने ऐकलेल्या फुटबॉलमुळे खुर्च्या रिकाम्या होत नाहीत, डोळ्यांनी पाहिलेल्यामुळे होतात. यामागचं शास्त्र कुणी विचारू नये.

तुम्ही जात्याच हुशार असाल, तर तुमच्या डोक्यात आडवाट येईल. आली तरी जपून. कॅरन मर्फी नावाच्या बाई पोर्ट्समथमध्ये पब चालवायच्या. ग्रीसच्या वाहिनीवर तीनचे सामने दिसतात म्हणून त्यांनी ग्रीक डिकोडर कार्ड आणलं, त्याचे रीतसर पैसे भरले आणि गिऱ्हाइकांना सामने दाखवले. दंड झाला जवळजवळ आठ हजार पौंड. बाई खमक्या. थेट युरोपच्या न्यायालयापर्यंत गेल्या आणि २०११ साली तिथे त्यांची बाजू उचलून धरली गेली, पुढच्या वर्षी शिक्षाही रद्द झाली. त्या निकालातली एक ओळ मला फार आवडते. न्यायालय म्हणालं, फुटबॉलचा सामना ही काही लेखकाची निर्मिती नव्हे, तेव्हा सामन्यावर कॉपीराइट नाही. पण सामन्याआधीची धून, ग्राफिक्स, बोधचिन्ह यांवर मात्र आहे. म्हणजे लग्न सगळ्यांचं, बँड तेवढा आमच्या मालकीचा. तुम्ही ग्रीक कार्डाचा विचार करत असाल, तर एवढंच लक्षात घ्या की त्यानंतर अख्खं ब्रिटनच युरोपियन युनियनमधून उठून गेलं.

आणि ऑफिसातला कुणीतरी नक्की कानाशी लागेल, "भाऊ, टीव्हीला लावायची एक स्टिक आहे, सगळं दिसतं." नको. असाच चोरटा धंदा चालवणाऱ्या पाच जणांना २०२३ मध्ये मिळून तीस वर्षांहून जास्त कैद झाली.

सरळमार्गाने तीनचे सामने बघायचे असतील, तर आणखी एका महामारीची वाट बघावी लागेल. २०२० मध्ये स्टेडियमना कुलुपं लागली आणि नियम गुपचूप बाजूला सरकला. सगळे सामने दिसायला लागले. पण लोकांना फुकटची सवय लागू नये म्हणून ऑक्टोबरात काही सामन्यांना १४.९५ पौंड दर लावला. त्यावर न्यूकासलच्या पाठीराख्यांनी जे केलं ते मला अजून भावतं. सामना पाहिला नाही आणि तेवढे पैसे गावातल्या अन्नछत्राला देऊन टाकले. इतर क्लबांचे लोकही तेच करायला लागले आणि नोव्हेंबरात तो दर गुंडाळावा लागला. पुढे प्रेक्षक स्टेडियमात परतले, नियमही परतला.

माझी स्वतःची व्यवस्था सांगतो, कुणाला सांगू नका. मी मँचेस्टरला राहतो. माझ्या मागच्या खिडकीतून एका मोठ्या स्टेडियमच्या छपराची कड दिसते. शनिवारी अडीचपासून गल्लीत गाडी लावायला जागा नसते, कुंपणाच्या भिंतीवर चिप्सचे रिकामे ट्रे येऊन बसतात. तीनला शिट्टी होते. मी चहा टाकतो. मग कधीतरी, समजा तीन बावीसला, गर्जना येते. खिडकीची काच थरथरते, ओट्यावरचे चमचे किणकिणतात. गोल झालाय. कुणी केला, कसा केला, काही कळत नाही. मी चहा ढवळत उभा राहतो. साधारण अर्ध्या मिनिटाने फोन वाजतो. कोल्हापूरहून मावसभाऊ, पिंट्या.

"दाद्या! बघितलास काय? नाद खुळा गोल मारलाय!"

तिकडे हिवाळ्यात रात्रीचे आठ बावन्न झालेले असतात. तो शिवाजी पेठेत, घरच्या टीव्हीपुढे, शेंगा फोडत बसलेला. माझ्यापासून आठशे पावलांवर झालेला गोल आधी त्याच्या घरी जातो आणि तिथून माझ्याकडे येतो. कसा झाला ते तो हातवारे करून सांगतो. फोन टीव्हीकडे वळव असं मी कधीही म्हणत नाही, मी कायदा पाळणारा माणूस आहे. तोच कधीकधी चुकून वळवतो.

हा पिंट्या बॉब लॉर्डना भेटायला हवा होता. तीनचे सगळे सामने बघतो, पण पाटाकडील तालमीचा, म्हणजे कोल्हापूरच्याच फुटबॉल संघाचा सामना असला की चारच्या आत शाहू स्टेडियमवर हजर. टीव्हीवर इंग्लंड दिसतंय म्हणून आज तालमीचा सामना राहू दे, असं तो म्हणाला असता, तर पेठेतल्या पोरांनी त्याला आधी डॉक्टरकडे नेलं असतं.

मी मात्र सुधारलो. गेल्या फेब्रुवारीत एका शनिवारी टीव्हीवरच्या त्या सुटाबुटातल्या मंडळींचा कंटाळा आला आणि बसने सहा मैलांवरच्या एका अगदी खालच्या पायरीवरच्या क्लबच्या मैदानावर गेलो. बारा पौंड दिले. दोनेकशे माणसं, एक कुत्रा, पत्र्याची शेड, गोलपोस्टमागे चिखल. पाय एवढा गरम की पहिल्या घासालाच जीभ भाजली (हा खायचा 'पाय', म्हणजे आत मटण भरून भाजलेला तिकडचा पदार्थ, लॉर्डसाहेबांचा आत्मा शांत झाला असेल). म्हणजे नियमाने आपलं काम चोख केलं. साठ वर्षं आणि अब्जावधी पौंडांच्या करारांनंतर त्याने एक मराठी माणूस पत्र्याच्या शेडखाली आणून उभा केला.

मध्यंतराला शेजारचे आजोबा थर्मासमधून चहा ओतत म्हणाले, मोठ्या स्टेडियमात काय चाललंय, कळलं का? त्यांच्या रेडिओचे सेल संपले होते. मी म्हटलं, थांबा, भावाला विचारतो. फोन लावला. पिंट्याने स्कोअर सांगितला, गोल कुणी केले ते सांगितलं, दुसरा ऑफसाइड होता हेही शपथेवर सांगितलं. मी आजोबांना जसंच्या तसं इंग्रजीत ऐकवलं.

"वा," ते म्हणाले. "भाऊ तिथे स्टेडियमातच आहे वाटतं?"

"नाही," मी म्हटलं. "शिवाजी पेठेत."