माई चाऊचं लाकडी घर आणि आमच्या गावची पडवी

मे महिन्यात मी, आई आणि माझी लेक अशा तिघीच व्हिएतनामला जाऊन आलो. फोटो टाकल्यापासून इनबॉक्समधे बजेट किती, व्हेज मिळतं का, हालाँग बेची क्रूझ कुठली केली असे प्रश्न येतायत, त्यातल्या काहींची उत्तरं खाली देतेच, पण मला खरं लिहायचंय ते नऊ दिवसांतल्या त्या दोन रात्रींबद्दल ज्या आम्ही माई चाऊच्या खोऱ्यात एका शेतकऱ्याच्या घरी काढल्या. कारण तिथून आल्यापासून आमच्या घरात एकच विषय चाललाय, गावचं जुनं घर न पाडता तिथे पाहुणे ठेवायचे का, आणि कोकणात ज्यांची ज्यांची जुनी घरं आहेत त्या सगळ्यांचाच तो विषय आहे असं मला मनापासून वाटतं.

माई चाऊ हनोईपासून साधारण 140 किलोमीटर, गाडीने चार तास धरा. पूर्वी हे होआ बिन्ह प्रांतात होतं, जुलै 2025 पासून तो प्रांत फू थोमधे विलीन झालाय, त्यामुळे पत्ता शोधताना दोन्ही नावं दिसली तर गोंधळू नका. (होआ बिन्हचं धरण मोठं प्रसिद्ध आहे, बांधलं तेव्हाची क्षमता 1920 मेगावॅट, आपल्या कोयनेपेक्षा फक्त 40 ने कमी, आईला हे सांगितल्यावर तिला ते गाव लगेच ओळखीचं वाटायला लागलं.) हनोईत एक ट्रॅव्हल एजंट आम्हाला एका दिवसात जाऊन या म्हणून फार गळ घालत होता. आठ तास गाडीत बसायचं आणि दोन-तीन तास गाव बघायचं. मी नको म्हटलं, आणि तुम्हीही नकोच म्हणा, कारण ते गाव बघायचं असतं संध्याकाळी पाचनंतर आणि सकाळी आठच्या आत, नेमकं तेव्हाच ही डे टूरवाली माणसं गाडीत असतात.

वाटेत थुंग खेचा घाट लागतो. कडे पांढऱ्या दगडाचे, त्यावर धुकं, आणि रस्त्याकडेला उकडलेली कणसं आणि बांबूच्या नळीत शिजवलेला भात विकणाऱ्या टपऱ्या. आई म्हणाली आंबा घाटच गं हा, दगड तेवढा पांढरा. घाट उतरला की खाली सपाट खोरं, चारी बाजूंनी डोंगर, आणि मधे पिकलेलं भात. मे अखेरीला! आपल्याकडे तेव्हा धूळवाफ पेरणीची तयारी चालू असते आणि इथे लोंब्या पिवळ्या होऊन वाकलेल्या. ही त्यांची पहिली फसल, ही कापून झाली की लगेच पुन्हा लावणी आणि सप्टेंबर-ऑक्टोबरला दुसरी. आमच्या रत्नागिरी जिल्ह्यात वर्षाला 3000 मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, हनोईकडे साधारण 1700, तरी आमच्याकडे बहुतेक ठिकाणी भाताचं एकच पीक निघतं आणि तिथे दोन. फरक पाटांचा आहे. प्रत्येक खाचरापर्यंत पाणी पोचतं आणि नको असेल तेव्हा काढूनही टाकता येतं, सायकलवरून दोन दिवस मी ते पाटच बघत होते.

इथले लोक मुख्यतः पांढरे थाई, म्हणजे थाई समाजाची एक शाखा. व्हिएतनाममधे सरकारी यादीत 54 समाज आहेत, त्यातला थाई हा मोठा, 2019 च्या जनगणनेत जवळपास 18 लाख. भाषा व्हिएतनामीपेक्षा वेगळी, थायलंड-लाओसच्या भाषांच्या कुळातली. त्यांची घरं लाकडी खांबांवर उचललेली असतात. पूर्वी खाली म्हशी आणि डुकरं असायची, आता खाली सायकली, स्कूटर, हातमाग आणि जेवणाचं टेबल. जिना चढून वर गेलं की एकच लांबच लांब दालन, भिंतींना मोठ्या खिडक्या, जमीन बांबू चिरून सपाट केलेल्या पट्ट्यांची, पाय ठेवला की किंचित दबते. त्यावर गाद्या, मच्छरदाण्या, आणि दोन कुटुंबांच्या मधे एक कापडी पडदा. बस. खोली नाही, दार नाही, एसी नाही, चार पंखे आहेत. माणशी दीड लाख डाँग, म्हणजे आपले साधारण पाचशे रुपये, नाश्त्यासकट. आणि त्या रात्री आमच्या पडद्यापलीकडे एक फ्रेंच जोडपं होतं, त्यापलीकडे हनोईचं एक कुटुंब, सगळे याच जमिनीवर झोपायला पैसे देऊन आले होते.

खाली संडास-बाथरूम मात्र एकदम नवीन, टाइल्स, गरम पाणी, स्वच्छ म्हणजे लखलखीत. त्या घराने पैसे घातले होते ते इथे. हे लक्षात ठेवा, मी परत यावर येणार आहे.

जेवणाचं सांगते. 'आन चाय' म्हणजे शाकाहारी, एवढा शब्द पाठ करा, आणि नुओक माम म्हणजे माशाचा सॉस नको हे आधी सांगा, तो भाजीतही पडतो. आम्ही मासे खाणारे, तरी आईचा गुरुवार होता म्हणून तिच्यासाठी टोमॅटोतलं टोफू, केळफुलाची कोशिंबीर आणि लसणावर परतलेली एक हिरवी भाजी आली. आईने एक घास घेतला आणि म्हणाली, ही नाळीची भाजी आहे. तिथे तिला राउ मुओंग म्हणतात आणि ती रोज खातात. आमच्याकडे नाळीची भाजी आता डोंबिवलीच्या बाजारात क्वचित एखादी बाई घेऊन बसते, माझ्या लेकीने तर पहिल्यांदाच खाल्ली. सोबत चिकट तांदळाचा भात, हाताने गोळा करून खायचा. आईला काटा-चमच्याने जेवायला लावलं नाही याचंच तिला इतकं बरं वाटलं.

दुसऱ्या दिवशी पहाटे साडेपाचला मी आणि लेक सायकली काढून निघालो. मे महिन्यात तिथे उन्हाळा कडक असतो, नऊनंतर सायकल चालवणं शक्य नाही, पण पहाटे धुकं शेतावर लोळत असतं आणि सिमेंटच्या अरुंद वाटा खाचरांमधून वाडीवाडीला जातात. बान म्हणजे वाडी, बान लाक, पोम कूंग, अशा एकामागून एक. चढ नाहीच. सायकलींना गिअर होते पण वापरावे लागले नाहीत. लोक आमच्याआधी उठलेले, विळ्याने कापणी चालू, बांधावर छोटं झोडणीचं मशीन धडधडतंय, रिकाम्या झालेल्या खाचरांत बदकं सोडलेली. गाडीतून हे सगळं एक हिरवा-पिवळा पट्टा म्हणून जातं, आणि चालत एवढं अंतर होत नाही. सायकलवरून मात्र भाताचा वास येतो, कुणी हाक मारली तर पाय टेकून थांबता येतं.

एका वळणावर अख्ख्या वाटेत भात वाळत घातलं होतं. लेक पुढे होती, तिने धान्यावरून चाक जाऊ नये म्हणून हँडल वळवलं आणि सायकलसकट पाटात गेली. पाणी गुडघाभरच होतं, पण कोपर आणि नडगी चांगली सोलली. भात पसरत असलेली बाई हातातलं फावडं टाकून धावत आली, मी पोचायच्या आत तिने पोरीला वर काढलं होतं, मग घरातून हिरव्या बाटलीतलं कसलंसं तेल आणलं, ज्याचा वास थेट आपल्या निलगिरीसारखा, आणि खरचटलेल्या जागेच्या भोवतीने चोळलं. एक शब्द एकमेकींना कळत नव्हता. मग तिने वाळणाऱ्या भाताकडे बोट दाखवलं, पोरीकडे दाखवलं आणि छातीवर हात ठेवला. धान्य वाचवायला पोर पडली हे तिने बघितलं होतं. माझी लेक शहरात वाढलीये, तिला धान्यावर पाय द्यायचा नसतो हे आजीने लहानपणी सांगितलेलं, तेवढं एक तिच्यात उरलंय याचा मला त्या क्षणी फार अभिमान वाटला.

आम्ही परत आलो तेव्हा आई आणि त्या घरची आजी दोघी अंगणात ताडपत्रीवर वाळत घातलेल्या भाताशेजारी बसल्या होत्या. आजीने मूठभर दाणे उचलले, एक दाताखाली धरून चावला, मान हलवली. नाही, अजून ओलं आहे. आईनेही एक दाणा घेतला, तसाच चावला आणि म्हणाली, अजून एक ऊन पाहिजे. मराठीत. त्या आजीने एक बोट वर केलं. बरोबर, एक ऊन. आईने शेवटची लावणी केली त्याला पस्तीस वर्षं तरी झाली असतील, पण भात वाळलं की नाही ते दाताला कळतं. मी तिथे उभी राहून बघत होते आणि मला बोलता येईना.

आता मुद्दा. आमचं संगमेश्वर तालुक्यात आजोबांचं घर आहे. लाकडी खांब, कौलं, पुढे लांब पडवी, ओटी, माजघर, मागे न्हाणीघर. माझा चुलतभाऊ तिथे राहतो आणि शेती करतो, आणि पडवी पाडून तिथे चार एसी खोल्या काढायचं त्याच्या मनात आहे, कारण जुन्या घरात कोण येऊन राहणार असं त्याला सगळ्यांनी सांगितलंय. राज्याचं कृषी पर्यटन धोरण 2020 साली आलं, राज्याच्या पर्यटन महामंडळाची (एमटीडीसी) निवास-न्याहारी योजना त्याआधीपासून आहे, म्हणजे घरात पाहुणे ठेवायला कुणाची आडकाठी नाही. तरीही जिथे जावं तिथे तेच, स्लॅब, एसी, छोटा स्विमिंग पूल, रेन डान्स, आणि मालकाचं शेत पडीक. मला त्या मालकांचा राग येत नाही, कर्ज त्यांनी काढलंय, हप्ते त्यांना भरायचेत. पण सल्ला देणाऱ्यांचा येतो.

माई चाऊतही सगळं छान आहे असं मी म्हणणार नाही. बान लाकमधे शनिवारी बॅटरीच्या गाड्यांतून ग्रुप फिरतात, रात्री कराओके चालतं, स्टॉलवरचं बरंचसं कापड मशीनचं दिसतं, सिमेंटची हॉटेलं खांबांच्या घरांमधे घुसलीयत. म्हणूनच आम्ही मुख्य गावापासून दोन-तीन किलोमीटर लांबचं घर घेतलं आणि आठवड्याच्या मधल्या वारी गेलो, तुम्हीही तेच करा. पण आम्ही राहिलो त्या घराचा कर्ता सकाळी आम्हाला चहा देऊन कापणीला गेला आणि दुपारी आला. पाहुणे आहेत म्हणून शेत थांबलं नाही. घर पण तेच, माणसं पण तीच, पैसे घातले फक्त संडास, गाद्या, मच्छरदाण्या आणि सायकलींवर. हे आमच्या गावात का होणार नाही? पावसाळ्यात पडवीत गादी टाकून कौलांवरचा पाऊस ऐकायला मी स्वतः पैसे देईन.

विचारणाऱ्यांसाठी: ई-व्हिसा 25 डॉलर, सिंगल एन्ट्री, 90 दिवसांपर्यंत मिळतो. मुंबईहून हनोईला थेट विमान आहे. हनोईहून माई चाऊला लिमोझिन व्हॅन, म्हणजे ऐसपैस सीटच्या छोट्या गाड्या, मिळतात, सीट आदल्या दिवशी सांगून ठेवा. पिकलेलं भात बघायचं तर मे अखेर नाहीतर सप्टेंबर अखेर. ज्येष्ठांना जिना चढायचा आहे आणि बाथरूम खाली आहे, रात्री टॉर्च जवळ ठेवा. आणि प्लीज, दोन रात्री तरी राहा.

परत आल्यावर मी हे सगळं त्या चुलतभावाला, म्हणजे दादाला, फोनवर सांगितलं, फोटो पाठवले, गाद्यांचे, मच्छरदाणीचे, संडासाचेसुद्धा. तो आठ दिवस काही बोलला नाही. काल त्याचा फोन आला, म्हणाला आधी संडास-बाथरूमचं एस्टिमेट काढतो, आणि पडवीला टेप लावून बघतो किती गाद्या बसतायत. आईने माझ्या हातातून फोन घेतला. म्हणाली, टेप कशाला लावतोस, तुझ्या लग्नात तिथे आम्ही अकराजणी झोपलो होतो.