टोल्किनची अंगठी म्हणजे अणुबॉम्ब नव्हे

हिरोशिमा दिन जवळ आला की मुंबईतल्या मराठी वाचकांच्या व्हॉट्सअॅप गटांतून एक मजकूर फिरू लागतो. जे. आर. आर. टोल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधील अंगठी हे अणुबॉम्बचे रूपक आहे, असा त्यातील दावा. त्याला चार आधार दिले जातात: कादंबरी बॉम्बनंतर आली, अंगठीतील शक्ती म्हणजेच अणुशक्ती, कथेचा नायक फ्रोडो याने अंगठी ज्वालामुखीत टाकली म्हणजे निःशस्त्रीकरण केले, आणि लेखकाने स्वतःच महायुद्धाच्या संदर्भात अंगठीचे नाव घेतले. चारही आधार तपासून पाहण्यासारखे आहेत.

कादंबरीचे तीन खंड १९५४ आणि १९५५ मध्ये प्रकाशित झाले, हे खरे. मात्र लेखनाला सुरुवात झाली ती डिसेंबर १९३७ मध्ये. ज्या प्रकरणात जादूगार गॅण्डाल्फ फ्रोडोला अंगठीचे खरे स्वरूप सांगतो, ते कादंबरीच्या सर्वांत जुन्या भागांपैकी असून १९३९ चे संकट, म्हणजे दुसरे महायुद्ध, अटळ दिसू लागण्याच्या पुष्कळ आधी लिहिले होते, असे टोल्किन यांनी दुसऱ्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत स्पष्ट नोंदवले आहे. युरेनियमच्या विखंडनाचा, म्हणजे अणुकेंद्र फुटण्याचा, शोध ऑटो हान आणि फ्रिट्झ स्ट्रासमान यांच्या प्रयोगांतून लागला तो डिसेंबर १९३८ मध्ये, आणि त्यातून बॉम्ब बनायला आणखी साडेसहा वर्षे लागली.

या आधाराचे एक अधिक चाणाक्ष रूपही ऐकू येते, आणि ते हसण्यावारी नेण्यासारखे नाही. टोल्किन यांच्याच आधीच्या, १९३७ च्या ‘द हॉबिट’ या पुस्तकामध्ये ही अंगठी घालणाऱ्याला अदृश्य करणारी एक उपयुक्त वस्तू एवढीच होती, आणि कोड्यांची पैज हरल्यास ती देऊन टाकायला तिचा तेव्हाचा धारक, गॉलम नावाचा प्राणी, राजी होता. १९५१ च्या आवृत्तीत तोच गॉलम अंगठीसाठी जिवाचा आकांत करतो. मधल्या काळात हिरोशिमा घडले, तेव्हा हा बदल त्यामुळेच, असा तर्क केला जातो. सुधारित मजकूर टोल्किन यांनी १९४७ मध्ये, म्हणजे हिरोशिमानंतरच, प्रकाशकाकडे पाठवला होता हे खरे, पण बदलाची गरज निर्माण झाली होती ती नव्या कथेतून. जिच्यात कथेतील खलनायक सौरॉनने स्वतःचे सामर्थ्य ओतले आहे आणि जी बाळगणाऱ्याच्या मनाचा ताबा घेते, ती अंगठी गॉलमने राजीखुशीने पैजेला लावणे यापुढे शक्यच नव्हते. जुने पुस्तक नव्याशी जुळवून घेणे भाग होते, आणि नव्या कथेतील अंगठीचा स्वभाव युद्धाआधीच ठरलेला होता.

दुसरा आधार मुंबईकराने तरी मान्य करू नये. तुर्भ्याची (ट्रॉम्बेची) ‘अप्सरा’ अणुभट्टी ४ ऑगस्ट १९५६ रोजी कार्यान्वित झाली, आणि तिच्यात जे विखंडन घडत होते ते तत्त्वतः बॉम्बमधलेच, फक्त आवरलेले; त्यातून संशोधन झाले आणि किरणोत्सारी समस्थानिके तयार झाली. अणुशक्तीबाबत कोणाचे मत काहीही असो, ती वापरणाऱ्याच्या हेतूप्रमाणे वळते. अंगठीचा मूळ नियम याच्या नेमका उलट आहे. गॅण्डाल्फ ती नाकारतो ते तिचा उपयोग ठाऊक नसल्यामुळे नव्हे. दुर्बळांविषयीच्या करुणेपोटी, भले करण्याच्या इच्छेनेच आपण तिच्या आहारी जाऊ, ही त्याला भीती असते. गॅलॅड्रिएल ही एल्फ स्त्रीही हातची संधी सोडते. शिवाय अंगठीला मालक एकच, सौरॉन, आणि त्याच्याकडे परतण्याची तिला ओढ. बॉम्बला अशी निष्ठा नसते.

निःशस्त्रीकरणाचा मुद्दा तर कथानकच चुकीचे सांगतो. ज्वालामुखीच्या काठावर पोहोचलेला फ्रोडो अंगठी टाकत नाही, ती आपली असल्याचे जाहीर करून बोटात घालतो. गॉलम त्याचे बोट चावून तोडतो आणि आनंदाच्या भरात तोल जाऊन अंगठीसह आत कोसळतो.

चौथा आधार मात्र अर्धा खरा आहे. आपण सौरॉनला अंगठीनेच जिंकू पाहत आहोत आणि त्याची किंमत म्हणून नवे सौरॉन निपजतील, अशा आशयाचे वाक्य टोल्किन यांनी मुलाला लिहिलेल्या पत्रात आहे. पण ते पत्र मे १९४४ चे. बॉम्बची बातमी आल्यावर, ९ ऑगस्ट १९४५ रोजी, त्यांनी त्याच मुलाला हादरून जाऊन लिहिले, भौतिकशास्त्रज्ञांच्या वेडेपणाबद्दल संताप व्यक्त केला, आणि तेव्हा त्यांना आठवले ते बायबलमधले, आभाळाला भिडणारा बाबेलचा मनोरा उभारणारे गर्विष्ठ लोक. ज्या दिवशी ही तुलना सहज सुचायला हवी होती, त्या दिवशी ती त्यांनी केली नाही, हे मला या वादातील सर्वांत बोलके वाटते. पुढे १९५६ च्या एका पत्रात त्यांनी आपली कथा अणुशक्तीचे रूपक नसून दुसऱ्यांवर हुकूमत गाजवू पाहणाऱ्या सत्तेविषयी आहे, असे लिहून ठेवले.

कथा खऱ्या युद्धाच्या वळणाने गेली असती तर काय झाले असते, हेही त्यांनी प्रस्तावनेत सांगितले आहे: अंगठी हस्तगत करून सौरॉनविरुद्ध वापरली गेली असती, त्याचा नाश न होता तो गुलाम झाला असता, त्याचा किल्ला पाडण्याऐवजी व्यापला गेला असता, सौरॉनच्या मॉर्डॉर देशात शोध घेऊन सारुमान या दुसऱ्या जादूगाराने स्वतःची अंगठी घडवली असती, आणि दोन्ही पक्षांच्या तिरस्काराचे धनी झालेले हॉबिट, म्हणजे फ्रोडोच्या जमातीचे बुटके लोक, गुलाम म्हणूनसुद्धा फार काळ टिकले नसते.